सावरीचा कापूस आणि आयडरची पिसं

जांभूळ हे झाडाच्या नावाचं गाव. तेव्हा आज इथे बोलताना आपण झाडापासूनच सुरुवात करू. फक्त ते झाड जांभळाचं नाही, काटेसावरीचं.

माघ-फाल्गुनात पानं गळालेली असतात आणि सावर लाल फुलांनी भरते. पुढे उन्हाळ्यात बोंडं उकलतात आणि कापूस वाऱ्यावर उडू लागतो. आपल्याकडे हा कापूस पूर्वापार उशांमध्ये भरला जाई. मग त्याचं कापड का झालं नाही? कारण तंतू आखूड आणि गुळगुळीत, त्याला पीळच धरत नाही. पण हाच तंतू आतून पोकळ असतो आणि वरून मेणचट. म्हणजे हवा धरून ठेवतो आणि पाणी सहसा शोषत नाही. ऊब वस्तूत नसते, वस्तूने अडवलेल्या हवेत असते, हे इथे लक्षात ठेवायचं.

याच तत्त्वावरची जगातली एक अतिशय महागडी वस्तू आइसलँडमध्ये मिळते. आयडर नावाच्या समुद्री बदकाची मादी आपल्या छातीची मऊ पिसं काढून घरट्यात अंथरते. ही पिसं एकमेकांत अशी गुंततात की चिमूटभरातही भरपूर हवा अडकते. किलोभर पिसांसाठी सुमारे ६० घरटी लागतात. तिथले शेतकरी कोल्ह्यांपासून या पक्ष्यांची राखण करतात आणि घरट्यातली पिसं हाताने गोळा करतात. पक्षी जिवंत राहिला तरच पुढच्या वर्षी पिसं मिळणार, हा साधा हिशेब. म्हणून तिथे आयडरला कायद्याचंही संरक्षण आहे.

आता आपल्या सावरीचा हिशेब बघा. जावा बेटावर तिच्याच कुळातल्या झाडाचा कापूस, म्हणजे कापोक, जगभर जाई. तो जीवरक्षक जॅकेटांत भरत. १९४२ साली जपानने जावा घेतलं आणि हा पुरवठा तुटला. तेव्हा अमेरिकेने १९४४ मध्ये शाळकरी मुलांकडून रुईच्या कुळातल्या एका रानटी झुडपाची बोंडं गोळा करवली. म्हणजे पडीक जमिनीवरचा कापूस थेट युद्धसाहित्य ठरला!

आपल्याकडे मात्र किंमत आली ती सावरीच्या लाकडाला. हलकं आणि मऊ, म्हणून देशातल्या काडेपेटी उद्योगाने ते उचललं. १९२३ साली स्थापन झालेल्या विम्कोचा कारखाना तर आपल्या शेजारीच, अंबरनाथला होता. होळीसाठीही अनेक गावांत सावरच तोडतात. पुढे उशीत पॉलिस्टर आलं आणि कापसाचं उरलंसुरलं कामही गेलं.

आता दोन्ही हिशेब शेजारी ठेवू. आयडर जिवंत राहण्यात कुणाचा तरी फायदा होता, म्हणून ते राखलं गेलं. सावर उभी राहण्यात कुणाचाच फायदा उरला नाही. ऐषआराम कशाला म्हणायचं, हे वस्तूच्या गुणावर कमी आणि तिच्यामागच्या राखणीवर जास्त ठरतं, असं आम्हाला वाटतं.

तेव्हा आपापल्या गावच्या सावरी मोजून ठेवू या. आणि घरात सावरीची उशी वापरलेलं कुणी असेल, तर त्यांच्या आठवणी आत्ताच लिहून घेऊ या.