लिंगोच्या गाथेची कुळकथा

केंटारो मिउरा यांची ‘बर्सर्क’ ही जपानी चित्रकथा १९८९ साली सुरू झाली आणि तिच्यावरची मालिका १९९७ साली आली. भाग अवघे २५, तरी तिला नवा प्रेक्षक मिळतच राहतो. याचं श्रेय लोक राक्षसांना आणि रक्तपाताला देतात. मला ते पटत नाही. भाडोत्री सैनिकांच्या टोळीचा म्होरक्या ग्रिफिथ आपल्यासाठी जिवावर उदार झालेल्या सोबत्यांचाच बळी देतो आणि मालिका तिथंच संपते. मनात रुततं ते हे. या रुतण्याचं कूळ फार जुनं आहे. चंद्रपूर-गडचिरोलीतले गोंड ज्याला धर्मगुरू मानतात, त्या पारी कुपार लिंगोच्या गाथेत ते सापडतं. गोंडांचे परंपरागत गायक असलेले परधान ती किंगरी या तंतुवाद्यावर गात आले. नागपूरचे मिशनरी स्टीफन हिस्लॉप यांनी तिचा एक पाठ टिपला, आणि १८६३ मध्ये ते बुडून वारल्यावर रिचर्ड टेंपल यांनी १८६६ साली तो छापला. त्यात रिकाड गवाडी नावाचा राक्षस आहे, पण तो लिंगोच्या वाद्यावर नाचू लागतो आणि पुढं आपल्या सात मुली देतो. लिंगो त्यांची लग्नं आपल्या भावांशी लावून देतो. मग या बायकांच्या खोट्या आरोपावर विश्वास ठेवून तेच भाऊ त्याला रानात नेऊन मारतात, त्याचे डोळे काढतात. राक्षस निरुपद्रवी, घातकी निघतात ते घरचे! अमृतानं जिवंत झालेला लिंगो भावांकडं परत न जाता महादेवानं कोंडलेल्या गोंडांच्या शोधात निघतो.

यावर आक्षेप येईल की ही श्रद्धा आहे, मनोरंजनाशी तिची तुलना कशाला? आक्षेप रास्त आहे. गाथेला मी कल्पनारंजन म्हणत नाही. तुलना फक्त कथेच्या पकडीची. दुसरा आक्षेप अधिक वजनदार: छापील पाठात महादेवाचं कथानक आहे, तर कचारगडच्या गुहेपाशी गोंड समाज गुहेत कोंडलेली कली कंकालीची मुलं, शंभू शेक आणि जंगो रायताड यांची कथा सांगतो; मग एकाच पाठावर भिस्त का? पण तिथंही सुटका फुकट होत नाही. हिरासुका पाटालीर या वादकाच्या संगीतानं गुहेची शिळा हलते, मुलं बाहेर येतात आणि तो स्वतः त्या शिळेखाली चिरडला जातो. पाठ बदलले, मोजलेली किंमत राहिली. ज्यांच्या घरी किंगरी अजून वाजते, त्यांनी ही गाथा गोंडीतच, अखंड, ध्वनिमुद्रित करून ठेवावी.