अभयवचन आणि बडतर्फी

मुंबईतील क्रॉफर्ड मार्केटला आज महात्मा जोतिबा फुले मंडई असें नांव आहे. जुन्या नांवाचा क्रॉफर्ड कोण, हें तेथें भाजी घेणाऱ्यांपैकीं थोड्यांनाच ठाऊक असेल. आर्थर ट्रॅव्हर्स क्रॉफर्ड हा मुंबईचा पहिला म्युनिसिपल कमिशनर. माणूस कर्तबगार, कल्पक, आणि तितकाच उधळ्या. पुढें तो मध्य भागाचा कमिशनर म्हणून पुण्यास आला, व पुणें, नाशिक, साताऱ्याकडील मामलेदारांच्या बढत्या-बदल्यांचीं सूत्रें त्याच्या हातीं गेलीं. नव्या जालन्यांतील श्रोत्यांना 'मामलेदार' हा शब्द कदाचित् परका वाटेल; कुंडलिकेच्या कांठीं तेव्हां निजामाचा अंमल होता, आणि तिकडे तोच अधिकारी तहसीलदार म्हणवितो.

या सूत्रांना लौकरच भाव आला. हणमंतराव राघवेंद्र नांवाचा मध्यस्थ होता. पैसे द्यावे तर बढती, न द्यावे तर दूरच्या किंवा हिंवतापाच्या तालुक्यावर रवानगी. अखेर १८८८ सालीं गव्हर्नर लॉर्ड रे यांच्या सरकारनें क्रॉफर्डला कामावरून दूर केलें व चौकशी मांडली. परंतु लांच दिल्याचें कोण सांगणार? सांगणारा स्वतःच गुन्हेगार ठरावयाचा. म्हणून तपासावर नेमलेल्या ओमॅनी या अधिकाऱ्यामार्फत सरकारनें अभयवचन दिलें: जो खरें सांगेल त्याच्यावर खटला होणार नाहीं, आणि त्याच्या नोकरीलाहि धक्का लागणार नाहीं. या वचनावर विसंबून मामलेदार बोलले.

क्रॉफर्डची चौकशी १८५० च्या ३७ व्या कायद्याखालीं झाली. हा कायदा, माझ्या मतें, त्या राजवटीच्या बऱ्या कायद्यांपैकीं एक होय. आरोप स्पष्ट शब्दांत लिहावे, आरोपांची व साक्षीदारांची यादी आरोपीस निदान तीन दिवस आधीं द्यावी, त्यास बचावाची व उलटतपासणीची पूर्ण मुभा असावी, असें त्यांत सांगितलें आहे. हें सर्व क्रॉफर्डला मिळालें. तीन सभासदांच्या कमिशननें पुण्यांत साक्षी घेतल्या व निर्णय दिला कीं, लांच घेतल्याचें सिद्ध होत नाहीं. हाताखालच्या मुलुखांतील लोकांकडून कर्जें काढल्याचें मात्र सिद्ध होतें. मुंबई सरकारला हा निर्णय पटला नाहीं, परंतु विलायतेंतील भारतमंत्र्यांनीं तो मानला. क्रॉफर्डची नोकरी गेली, लांचखोरीचा डाग मात्र लागला नाहीं. हणमंतराव आधींच तुरुंगांत गेला होता.

आतां मामलेदारांकडे पाहा. पैसे घेणाऱ्याविरुद्ध त्यांची साक्ष अपुरी ठरली. देणाऱ्याविरुद्ध मात्र तीच पुरेशी ठरली! विलायतेंत ओरड उठली कीं, अधिकारपद विकत घेणारे हे लोक न्यायासनावर कसे बसूं द्यावे? १८०९ च्या एका ब्रिटिश कायद्यानें पद विकत घेणारा त्या पदास कायमचा अपात्र होत असे. मुंबई सरकारचें वचन त्यापुढें लंगडें पडलें. १८८९ सालीं हिंदुस्थान सरकारनें साक्षीदारांना खटल्यांपासून वांचविणारा कायदा केला. नोकरीचें वचन मात्र सर्वांच्या बाबतींत पाळलें गेलें नाहीं. ज्यांनीं आपण होऊन पैसे दिले असें ठरविण्यांत आलें, त्यांतील कांहींजण बडतर्फ झाले.

विलायतेंतील आक्षेप पोकळ नव्हता, हें कबूल केलें पाहिजे. मामलेदार हा मॅजिस्ट्रेटहि असे, आणि पैसे मोजून खुर्ची मिळविणारा ते पैसे कोठून वसूल करील, हें रयतेला सांगावें लागत नव्हतें. परंतु हा विचार वचन देण्यापूर्वीं करावयाचा होता. टिळकांनीं केसरींतून व पुण्यांतील सभेंतून मामलेदारांची बाजू घेतली ती याच मुद्द्यावर; लांच देणें चांगलें, असें त्यांचें म्हणणें नव्हतें. विलायतेचाच दाखला होता. १७२५ सालीं लॉर्ड मॅकल्सफील्ड या चॅन्सेलरवर पदें विकल्याचा खटला झाला, तेव्हां पदें विकत घेणाऱ्यांना पार्लमेंटनें कायदा करून अभय दिलें, आणि चॅन्सेलरला तीस हजार पौंड दंड झाला. लंडनमध्यें जें चाललें तें पुण्यास कां चालूं नये, याचें समाधानकारक उत्तर मला तरी कोठें आढळलें नाहीं.

पुढचा इतिहास थोडक्यांत सांगतों. सरकारी नोकर राजाच्या मर्जीपर्यंत, हें तत्त्व होतेंच. १९३५ च्या कायद्यानें बडतर्फीपूर्वीं कैफियत देण्याची वाजवी संधि त्यास जोडली. २६ जानेवारी १९५० पासून घटनेच्या ३११ व्या कलमानें ती संधि जालन्याच्या कचेरींतील कारकुनासहि मिळाली. १९७६ सालीं शिक्षेविषयींची दुसरी नोटीस घटनादुरुस्तीनें गेली. १९९३ सालीं सर्वोच्च न्यायालयानें चौकशी-अहवालाची प्रत नोकरास दिलीच पाहिजे असें ठरविलें. राज्याच्या सुरक्षिततेच्या नांवाखालीं चौकशीवांचूनहि काढतां येतें, तो अपवाद अद्याप उभाच आहे.

मामलेदारांचा खरा प्रश्न मात्र ३११ व्या कलमांत नाहीं. लांच देणाऱ्याच्या जबाबाला १९८८ च्या कायद्यानें संरक्षण दिलें होतें. २०१८ सालीं तें कलम काढण्यांत आलें. आतां ज्याच्याकडून बळजबरीनें पैसे उकळले, त्यानें सात दिवसांच्या आंत तक्रार केली तरच तो सुटतो. क्रॉफर्डच्या अमलांत त्या सात दिवसांत तक्रार घेऊन मामलेदारानें जावयाचें कोणाकडे?