रोमन लिपीतील संदिग्ध अरबी चित्रपटनामांचा अर्थनिर्णय : ‘अर्द’ आणि ‘अर्ज’ यांच्या संदर्भात एक ऐतिहासिक अभ्यास

बीजशब्द : लिप्यंतर, अरबी चित्रपट, दफ्तरी मराठी, स्थलनामे, इटियाडोह

प्रस्तावना :
एका लिपीतील नाव दुसऱ्या लिपीत लिहिले जाते तेव्हा त्यातील काही ध्वनी गळतात, तर काही एकमेकांत मिसळतात. संगणकावर अरबी चित्रपटाचे नाव रोमन अक्षरांत लिहून शोध घेणाऱ्याला हा अनुभव पदोपदी येतो. शोधणाऱ्याने कानाने ऐकलेले नाव लिहिलेले असते आणि सूचीकाराने ते वेगळ्या पद्धतीने नोंदविलेले असते. परिणामी चित्रपट उपलब्ध असूनही सापडत नाही. हा प्रश्न वरवर परका वाटत असला तरी मराठी भाषेने तो शतकानुशतके हाताळला आहे. गोंदिया जिल्ह्यातील इटियाडोह परिसराच्या आधारे हा संबंध स्पष्ट करणे हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

संदिग्धतेचे स्वरूप :
अरबी लिपीत ऱ्हस्व स्वर सहसा लिहिले जात नाहीत. ‘स’शी मिळतीजुळती, ‘ह’शी मिळतीजुळती अशी अनेक अक्षरे तीत स्वतंत्र आहेत, रोमन लिपीत ती एक होतात. प्रांतभेदाने उच्चारही बदलतो. इतरत्र ‘जमाल’ असलेले नाव कैरोत ‘गमाल’ होते. इजिप्तचे विख्यात दिग्दर्शक युसुफ शाहीन यांच्या आडनावाचे रूढ रोमन लेखन फ्रेंच वळणाचे असल्यामुळे इंग्रजी जाणणारा वाचक ते ‘चाहिने’ असे वाचतो. संगणक व भ्रमणध्वनीवर अरबी लिपीची सोय नसल्याने १९९० नंतरच्या काळात तरुणांनी अंकांचाही आधार घेतला. ‘ऐन’ या अक्षरासाठी ३, हम्जासाठी २ आणि कंठ्य ‘ह’साठी ७ हे अंक रूढ झाले. ते न लिहिल्यास अर्थच पालटतो.

याचे बोलके उदाहरण म्हणजे शाहीन यांचा ‘अल्-अर्द’ हा चित्रपट होय. अब्दुर्रहमान शरकावी यांच्या कादंबरीवर आधारित हा चित्रपट १९७० च्या कान महोत्सवात दाखविण्यात आला. इजिप्तमधील एका खेड्यातील शेतकऱ्यांच्या पाण्याच्या पाळीचे दिवस कमी केले जातात आणि जमीनदाराच्या रस्त्यासाठी त्यांच्या जमिनी घेतल्या जातात, असे त्याचे कथानक आहे. ‘अर्द’ म्हणजे जमीन. परंतु आरंभी ‘ऐन’ असलेला, रोमन लिपीत तसाच दिसणारा दुसरा शब्द ‘सादर करणे, मांडणे, खेळ दाखविणे’ या अर्थाचा आहे. चित्रपटाच्या शोधात हे दोन्ही अर्थ संभवतात, म्हणून केवळ अक्षरांवरून निर्णय करता येत नाही.

मराठी दफ्तरातील साक्ष :
यांपैकी दुसरा शब्द मराठी माणसाच्या नित्य वापरातील आहे. तो फारसीमार्गे आलेला ‘अर्ज’ होय. अरबीतील ‘दाद’ या अक्षराचा उच्चार फारसीत ‘झ’सारखा झाला आणि मराठीने त्याचा ‘ज’ केला. रमदान व रमजान या जोडीत हाच भेद दिसतो. जिल्हा, मौजा, हजर, जामीन, जप्ती, काजी, रजा हे सर्व शब्द याच वाटेने आले आहेत. शिवकाळात राज्यव्यवहारकोशाद्वारे अशा शब्दांना संस्कृत पर्याय देण्याचा प्रयत्न झाला. १९२५ मध्ये माधवराव पटवर्धन यांच्या फार्शी-मराठी कोशाने त्यांच्या मूळ रूपांची नोंद केली. ज्याला ‘द’ व ‘ज’ यांचे हे नाते ठाऊक आहे, त्याला ‘अर्द’ आणि ‘अर्ज़’ अशी दोन रूपे दिसली तरी ती एकाच शब्दाची असू शकतात, हे उमगते.

इटियाडोह परिसर :
अर्जुनी मोरगाव तालुक्यातील इटियाडोह धरण १९७० च्या सुमारास गाढवी नदीवर उभे राहिले. गोंदियासह भंडारा व गडचिरोली जिल्ह्यांतील धानशेतीला त्याचे पाणी मिळते. इंग्रजी नोंदींत मात्र या नदीच्या नावातील ‘ढ’ हा ‘आर’ आणि ‘एच’ या अक्षरांनी लिहिलेला आढळतो. हंटर यांच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या लिप्यंतर पद्धतीची आणि हिंदी उच्चाराची ती छाप आहे. १९५६ पर्यंत हा प्रदेश नागपूर राजधानी असलेल्या मध्य प्रांतात व नंतरच्या मध्य प्रदेशात होता, हे येथे लक्षात घ्यावे लागते. हे रोमन रूप ज्याला मूळ नाव ठाऊक नाही तो ‘गर्हवी’ असे वाचतो. ‘डोह’ म्हणजे नदीतील खोल पाण्याची जागा. परंतु रोमन लिपीत ‘ड’ व ‘द’ यांत भेद नसल्याने त्याचा ‘दोह’ होतो आणि नावातील पाणीच आटते. जमिनीच्या व पाण्याच्या नोंदी शोधणाऱ्या अभ्यासकाला अशा चुकीमुळे संपूर्ण गावाचा कागद हाती लागत नाही. पाण्याच्या पाळीसाठी अर्ज करणारा येथील शेतकरी आणि शाहीन यांच्या चित्रपटातील शेतकरी यांची कैफियत एकाच जातीची आहे. दोघांच्याही बाबतीत ती इतरांपर्यंत पोहोचणे नावाच्या नोंदीवर अवलंबून राहते.

निष्कर्ष :
१. संदिग्ध लिप्यंतराचा प्रथमदर्शनी एकच अर्थ गृहीत धरू नये; सर्व संभाव्य मूळ रूपे मांडावीत.
२. दिग्दर्शक, वर्ष, देश, कथानक या सहवर्ती शब्दांच्या आधारे त्यांतून निवड करावी.
३. लिहिणाऱ्याचा प्रांत आणि ज्या भाषेमार्गे नाव आले ती भाषा विचारात घ्यावी.
४. सूचीत मूळ लिपीतील नावासोबत प्रचलित सर्व रूपे नोंदवावीत. स्थलनामांच्या बाबतीत स्थानिक उच्चार प्रमाण मानून देवनागरी रूप प्रथम द्यावे.

सारांश, अशुद्ध वाटणारे लेखन हे बहुधा अज्ञान नसून ऐकलेल्या उच्चाराची प्रामाणिक नोंद असते. ते दुरुस्त करण्यापूर्वी समजून घेणे हे इतिहासाच्या अभ्यासकाचे कर्तव्य ठरते.