आधी ऐकलं, मग कॅमेरा काढला

बाईच्या कष्टांवर सिनेमा काढायचा, तर त्यात काय दाखवायचं हे कोणी ठरवायचं? चाळीसेक वर्षांपूर्वी काही जणींनी या प्रश्नाचं उत्तर करून दाखवलं. आज त्यांची गोष्ट सांगते.

त्या काळी माहितीपट म्हणजे बहुतेक सरकारी. थिएटरात मुख्य सिनेमाच्या आधी लागायचा. पडद्यावर बाया राबताना दिसायच्या आणि त्यांच्याबद्दल बोलायचा मात्र एक भारदस्त पुरुषी आवाज.

१९८० साली बंगळूरला दीपा धनराज, आभा भैया, मीरा राव आणि कॅमेरा सांभाळणारे नवरोज काँट्रॅक्टर यांनी ‘युगांतर’ हा गट काढला. त्याच वर्षी पुण्यात घरकाम करणाऱ्या बायांनी संप केला होता. त्यांच्या संघटनेवर ‘युगांतर’ने १९८१ मध्ये ‘मोलकरीण’ हा माहितीपट केला. पगार, सुट्टी, मालकिणीची वागणूक, सगळं त्या बायांच्याच तोंडून आलं.

पुढे हा गट निपाणीला गेला. निपाणी कर्नाटकात, पण तिथल्या घराघरांत मराठी. तंबाखूच्या वखारींत बाया दिवसभर धुरळ्यात काम करायच्या, मजुरी तुटपुंजी. ‘युगांतर’च्या मंडळींनी चार महिने या बायांबरोबर काढले. त्यांचं ऐकलं, संघटना कशी बांधली ते समजून घेतलं आणि सिनेमात काय यावं याची त्यांच्याशीच चर्चा केली. बायांनी वाट दाखवली म्हणून कॅमेरा वखारीच्या आत पोचला. १९८२ मध्ये ‘तंबाखू चाकीला ऊब आली’ तयार झाला. तो होत असतानाच संघटनेलाही आणखी बळ मिळालं.

तिसरा सिनेमा १९८३ चा, तेलुगू, घरातल्या मारहाणीवरचा. हैदराबादच्या ‘स्त्री शक्ती संघटना’ या गटातल्या बायांनीच त्यात कामं केली. आपसात बोलून बोलून त्यांनी प्रसंग उभे केले. एका खऱ्या बाईला कॅमेऱ्यापुढे बसवून तिचं दुःख उघडं करण्यापेक्षा, अनेकींचं दुःख एका गोष्टीत गुंफता आलं.

हे सिनेमे वस्त्यांत, संघटनांच्या बैठकांत दाखवले जायचे. दिवे लागले की चर्चा सुरू. जाणकार याला प्रायोगिक सिनेमा म्हणतील. मला त्यात आपल्या बैठकीचीच रीत दिसते: गोल बसायचं, प्रत्येकीनं बोलायचं, ठराव सगळ्यांनी मिळून करायचा.

आज प्रत्येकीच्या हातात मोबाईल आहे. बचत गटाची यशोगाथा म्हणून व्हिडिओ काढायला माणसं येतात. पापड लाटताना हसायला सांगतात आणि जातात. थकलेला हप्ता, घरचा विरोध, न विकलेला माल यातलं काहीच त्यात येत नाही. कधी उलटंही होतं. एखादी भरल्या गळ्यानं बोलून जाते आणि तेच गावभर फिरतं.

म्हणून कॅमेरा सुरू होण्याआधी तीन गोष्टी विचारायच्या. काय दाखवणार? कोणाला दाखवणार? आणि आधी आम्हाला दाखवणार का? निपाणीच्या बायांशी ही चर्चा चार महिने झाली. आपल्यासाठी निदान एक बैठक तरी व्हायला हवी.