‘राजीनामा’ शब्दाचा मूळ अर्थ

भीमा व मुळा-मुठा यांमधील राहूकडच्या एखाद्या रुमालांत पाटिलकीच्या तंट्याचा राजीनामा सांपडला, तर पाटलानें वतन सोडलें असें संग्राहकानें समजूं नये. अरबी ‘राजी’ म्हणजे संतुष्ट. फारसी ‘नामा’ म्हणजे लेख. होईल तो निवाडा मान्य करूं, असें उभय पक्ष पंचाइतीस आधींच लिहून देत, तोच राजीनामा. निवाड्यानंतर हरलेला लिहून देई, तें यजितखत. लॅटिन ‘कॉम्प्रोमिस्सुम्’ हाही पंचनिवाडा मानण्याचा असाच परस्पर करार. इंग्रजी ‘कॉम्प्रमाइज’ त्यापासूनच आलें. पुढें इंग्रजी अमलांत, १८७९ च्या मुंबई जमीन महसूल कायद्याखालीं, जमीन सोडणारा राजीनामा देई व घेणारा कबुलायत. तेथून ‘संमती’चा ‘त्याग’ झालेला दिसतो. सबब नोंद करतांना आधीं मजकूर वाचावा. नाहींतर समेटास आलेला पाटील आपल्याच लेखणीनें वतनभ्रष्ट व्हावयाचा.