पॅरिसचे निषेधपत्र (१२७७)

पॅरिसचे निषेधपत्र : पॅरिसचे बिशप एत्येन तांप्ये यांनी ७ मार्च १२७७ रोजी काढलेले आज्ञापत्र. पॅरिस विद्यापीठात चर्चिली जाणारी २१९ विधाने त्यात निषिद्ध ठरवण्यात आली. श्रद्धा आणि बुद्धी यांच्या मध्ययुगीन झगड्याचा इतका तपशीलवार दप्तरी पुरावा क्वचितच मिळतो.

पार्श्वभूमी : ॲरिस्टॉटलच्या निसर्गविषयक ग्रंथांवर पॅरिसमध्ये १२१० साली बंदी होती, १२५५ पर्यंत तेच ग्रंथ कलाशाखेच्या अभ्यासक्रमात लागले. त्यांच्याबरोबर इब्न रुश्द (११२६–९८) यांची भाष्येही आली. जग अनादी आहे आणि सर्व माणसांची बुद्धी एकच आहे, हे त्यांतून निघणारे दोन निष्कर्ष अडचणीचे ठरले. बुद्धीच एक असेल, तर मृत्यूनंतर पाप-पुण्याचा हिशोब द्यायचा कोणी? ईश्वरविद्यापंडित टॉमस अक्वायनस यांनी १२७० मध्ये स्वतंत्र पुस्तिका लिहून बुद्धी एकच असल्याचे हे मत खोडून काढले. त्याच वर्षी १० डिसेंबरला तांप्ये यांनी १३ विधाने निषिद्ध केली. पण कलाशाखेतील वाद थांबले नाहीत.

आज्ञापत्र : जानेवारी १२७७ मध्ये पोप एकविसावे जॉन यांनी चौकशी करण्यास कळवले होते. तांप्ये यांनी सोळा ईश्वरविद्यापंडित बसवले आणि थेट निकालच दिला. काम घाईचे दिसते. विधानांना धड क्रम नाही, पुनरुक्ती बरीच आहे आणि कोणते विधान कोणाचे, हे सांगितलेले नाही. शिक्षा धर्मबहिष्काराची, तीही केवळ शिकवणाऱ्याला नव्हे, ऐकणाऱ्यालाही. सात दिवसांत बिशपकडे किंवा विद्यापीठाच्या चान्सलरकडे जाऊन कबुली देणाऱ्याला त्यातून सुटका होती.

यादीतील काही विधाने अशी : ईश्वर अनेक जगे निर्माण करू शकत नाही. तो आकाशाला सरळ रेषेत हलवू शकत नाही, कारण मागे पोकळी राहील. ही विधाने ईश्वराच्या सामर्थ्याला मर्यादा घालतात म्हणून त्याज्य ठरली. ईश्वरविद्या दंतकथांवर उभी आहे आणि तत्त्वचिंतनाहून श्रेष्ठ जीवन नाही, अशीही विधाने यादीत आहेत. पंडितांना खरे झोंबले ते हेच असावे.

द्विसत्यवाद : एखादी गोष्ट तत्त्वज्ञानानुसार खरी आणि धर्मानुसार खोटी असू शकते, असे कलाशाखेतील शिक्षक मानतात, असा आरोप आज्ञापत्राच्या प्रस्तावनेत आहे. सीजर ऑफ ब्राबांट व बोएथियस ऑफ डेशिया या त्यांतील दोन प्रमुख संशयितांच्या उपलब्ध लेखनात असा सिद्धांत आढळत नाही. बोएथियस यांचे म्हणणे एवढेच, की निसर्गशास्त्रज्ञाने आपल्या शास्त्राच्या गृहीतकांपुरते बोलावे. निरपेक्ष सत्य श्रद्धेचेच. आरोप अन्यायाचा होता, असेच म्हणावे लागते.

सीजर १२८४ पूर्वी किंवा त्या वर्षी ओर्व्हिएतो येथे स्वतःच्या कारकुनाच्या हातून मारले गेले. दान्तेने आपल्या महाकाव्यात त्यांना स्वर्गात स्थान दिले आणि त्यांची ओळख करून देण्याचे काम अक्वायनस यांच्यावर सोपवले.

परिणाम : अनेक जगे व पोकळी निदान शक्य मानावी लागल्याने ॲरिस्टॉटलची चौकट या निषेधाने खिळखिळी झाली आणि आधुनिक विज्ञानाला वाट मिळाली, असे विज्ञानाचे इतिहासकार प्येर द्युएम यांचे मत; त्याच क्षेत्रातील अलेक्सांद्र कॉयरे यांना ते मान्य नव्हते.

ऑक्सफर्ड : पॅरिसपाठोपाठ आर्चबिशप रॉबर्ट किलवर्डबी यांनी १८ मार्च १२७७ रोजी तेथील विद्यापीठातही ३० विधाने निषिद्ध केली.

अक्वायनस यांची काही मतेही पॅरिसच्या यादीच्या कक्षेत येत होती. १३२३ मध्ये त्यांना संतपद मिळाले. त्यानंतर १३२५ मध्ये पॅरिसच्या बिशपने, त्यांच्या शिकवणुकीला लागू होईल तेवढ्यापुरता, निषेध मागे घेतला.