सरकारजमा गाडीची केस मागे घेताय? सही करण्याआधी एवढं तपासा

यवतमाळ : सागवानाच्या चोरट्या वाहतुकीत ट्रॅक्टर पकडला गेला, वन विभागाने तो सरकारजमा केला, मालक कोर्टात गेला. तारखांवर तारखा पडल्या की कोणीतरी सांगतं, "केस मागे घे, गाडी सुटते." पण केस मागे घेतली म्हणून गाडी सुटत नाही. उलट सरकारजमेचा आदेश जसाच्या तसा कायम राहतो.

जप्ती वेगळी, सरकारजमा वेगळी
जप्तीत गाडी फक्त ताब्यात घेतात, मालकी तुमचीच असते. सरकारजमा झाली की मालकीच शासनाकडे जाते. भारतीय वन अधिनियम, १९२७ मध्ये महाराष्ट्राने घातलेल्या कलम ६१-अ नुसार प्राधिकृत वन अधिकारी हा आदेश काढतो. त्याआधी मालकाला लेखी नोटीस आणि बाजू मांडायची संधी द्यावी लागते. गाडी आपल्या, आपल्या एजंटच्या आणि गाडी ताब्यात असलेल्या चालकाच्या नकळत वापरली गेली आणि या सगळ्यांनी योग्य ती काळजी घेतली होती, हे मालकाने सिद्ध केलं तर गाडी सरकारजमा करता येत नाही.

दाद कुठे मागायची?
आदेश हाती पडल्यापासून ३० दिवसांत सत्र न्यायालयात अपील करता येतं. काही जण ते सोडून थेट हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठात जातात. तिथे "आधी अपील करा" असं सांगितलं गेलं की याचिका मागे घ्यायची वेळ येते.

मागे घेताना काय पाहायचं?
• याचिका मागे घेताना "अपील करण्याची मुभा ठेवून" असे शब्द कोर्टाच्या आदेशात आले का, ते बघा. मुभा न घेता मागे घेतलेली रिट याचिका त्याच कारणासाठी हायकोर्टात पुन्हा करता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने १९८६ मध्ये सरगुजा ट्रान्सपोर्ट प्रकरणात सांगितलं आहे.
• मुभा मिळाली म्हणून ३० दिवसांची मुदत आपोआप वाढत नाही. उशीर झाला असेल तर अपिलासोबत उशीर माफीचा अर्ज द्या.
• सत्र न्यायालयातलं अपीलच मागे घेतलं, तर पुन्हा दाद मागणं फार अवघड जातं.
• वनगुन्ह्याचा खटला वेगळा असतो. अपील मागे घेतल्याने तो संपत नाही.
• गाडी सोडण्याचा शब्द कोणी दिला असेल तर लेखी आदेश मागा. तोंडी शब्दाला कोर्टात किंमत नाही.
• पुरसिस वाचून घ्या, कोऱ्या कागदावर सही करू नका. आदेशाची नक्कल काढून ठेवा.

वकील परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा. महिला, अनुसूचित जाती आणि जमातीच्या लोकांना तिथे उत्पन्नाची अट नसते. हेल्पलाइन : १५१००.